एक्स्पर्ट ‘आला’ की ‘आली’? भाषेतल्या लिंगाची गोष्ट

(एपिसोडची लेखी आवृत्ती. बोलताना आलेले ‘अं’, ‘म्हणजे’ आणि मागे वाजलेली कुकरची शिट्टी काढून टाकली आहे. बाकी बरंचसं जसं बोललो तसंच.)



आजचा एपिसोड माझ्या एका चुकीपासून सुरू होतो. दोन-तीन वर्षांपूर्वी मी एका ॲपवर काम करत होतो. घरी येऊन सेवा देणारं ॲप. एसी दुरुस्ती, साफसफाई, पार्लर, असं सगळं. ॲप मराठीत आणायचं ठरलं. टीममध्ये मराठी बोलणारा मी एकटाच, त्यामुळे एक भलीमोठी एक्सेल शीट माझ्या गळ्यात पडली. एका कॉलममध्ये इंग्रजी वाक्यं, शेजारचा कॉलम रिकामा. शनिवारी बसलो आणि संध्याकाळपर्यंत भरून टाकला. त्यातलं एक वाक्य होतं, ‘तुमचा एक्स्पर्ट पोहोचला आहे.’

काही दिवसांनी सपोर्टकडून एक तक्रार आली. एका बाईंनी पार्लरची सेवा बुक केली होती. घरी एकट्याच होत्या, आणि बुक करताना बाईच हवी असं निवडलं होतं. मेसेज गेला, ‘तुमचा एक्स्पर्ट पोहोचला आहे.’ त्यांनी ‘पोहोचला’ वाचलं, घाबरल्या, आणि गेटवर फोन करून सांगितलं की कोणालाही वर सोडू नका. खाली जड बॅग खांद्यावर घेऊन एक ताई अर्धा तास वॉचमनशी वाद घालत उभ्या. शेवटी बुकिंग रद्द झालं आणि त्यांचे त्या वेळचे पैसे बुडाले.

कोणाचं चुकलं? ग्राहक बाईंचं नाही, पार्लरवाल्या ताईंचं नाही, वॉचमनचंही नाही. चुकलं होतं ‘ला’ हे एक अक्षर, आणि ते मी टाईप केलं होतं. इंग्रजी वाक्यात बाई-पुरुष असं काही नव्हतंच. मराठीत आणताना मला काहीतरी निवडावं लागलं, आणि निवडतोय हे माझ्या लक्षातही आलं नाही. पुरुष हे माझ्या डोक्यातलं डिफॉल्ट सेटिंग होतं.

तेव्हापासून हा विषय डोक्यातून जात नाही. भाषेत हे लिंग येतं कुठून? सगळ्या भाषांत असतं का? आणि नको असेल तर काय करायचं?

ताटातली तीन लिंगं

आधी बेसिक. शाळेत आपण शिकलो, पुल्लिंग, स्त्रीलिंग, नपुंसकलिंग. त्यामुळे वाटतं की याचा संबंध बाई-पुरुषाशी आहे. पण जेवायला बसा आणि समोर बघा. तो चमचा, ती वाटी, ते ताट. चमच्यात पुरुषासारखं काय आहे? काही नाही. जर्मन माणूस जेवायला बसला की त्याच्यासमोरही तीन लिंगं असतात: चमचा पुल्लिंगी, काटा स्त्रीलिंगी, सुरी नपुंसकलिंगी. आणखी गंमत बघा. आपल्याकडे दाढी आणि मिशी दोन्ही स्त्रीलिंगी, आणि साडीचा पदर मात्र पुल्लिंगी!

म्हणजे व्याकरणातलं लिंग हा मुळात नामांचे गट पाडण्याचा प्रकार आहे. इंग्रजीतला ‘जेंडर’ हा शब्दही लॅटिनमधल्या ‘गेनुस’वरून आलाय, आणि त्याचा अर्थ प्रकार, जात. गट पाडल्याचा पुरावा नामात नसतो, शेजारच्या शब्दांत असतो. ‘बस’ या शब्दाकडे बघून काही कळत नाही. ‘मोठी बस आली’ म्हटलं की कळतं. विशेषण आणि क्रियापद चुगली करतात.

हे गट बाई-पुरुषाचेच असायला हवेत असंही नाही. आफ्रिकेतल्या स्वाहिलीत दहापेक्षा जास्त गट आहेत, पण त्यात बाई आणि पुरुष एकाच गटात, माणसांच्या. तेलुगूत एकवचनात पुरुष एका बाजूला, आणि बाई, मांजर, टेबल हे सगळं दुसऱ्या बाजूला. ‘ती आली’ आणि ‘ते आलं’ याला क्रियापदाचं रूप एकच. आणि कित्येक भाषांत ही भानगडच नाही. ‘वर्ल्ड ॲटलास ऑफ लँग्वेज स्ट्रक्चर्स’मध्ये २५७ भाषांचा एक नमुना तपासलाय. त्यातल्या १४५ भाषांमध्ये व्याकरणिक लिंग नाहीच. म्हणजे निम्म्याहून जास्त.

संस्कृतात तीन लिंगं होती. मराठी, कोंकणी, गुजराती यांनी तिन्ही ठेवली. हिंदीने दोन ठेवली. बंगालीने क्रियापदातून आणि सर्वनामातून काढूनच टाकली. इंग्रजीतही हजार वर्षांपूर्वी तीन होती, ती झिजून गेली आणि उरलं फक्त ‘ही’, ‘शी’, ‘इट’. थोडक्यात, लिंग हा भाषेचा कणा वगैरे नाही. भाषा ते सोडूनही मजेत जगतात.

पण मग ते निरुपद्रवी आहे का?

इथे मी जरा अडखळलो. कारण वाटी-चमच्यापर्यंत ठीक आहे, पण माणसं आली की गट अचानक बोलायला लागतात.

डबा मोठा, डबी लहान. सुरा-सुरी, गाडा-गाडी, दोर-दोरी. मोठं ते पुल्लिंगी, लहान ते स्त्रीलिंगी. जर्मनमध्ये मुलगी, ‘मेडशेन’, हा शब्द नपुंसकलिंगी आहे. कारण शेवटी लाडाचा, लहानपणाचा प्रत्यय लागलाय, आणि तो प्रत्यय लागला की शब्द नपुंसकलिंगी होतो. लांब कशाला जायचं, गोव्यात बघा. कोंकणीत ‘चेडूं’ म्हणजे मुलगी, आणि तोही शब्द नपुंसकलिंगी. ‘तें आयलें’ असं मुलीबद्दल म्हणतात. आपल्याकडे जुन्या पिढीतले पुरुष बायकोला ‘आमचं कुटुंब’ म्हणायचे, तेही नपुंसकलिंगीच. जुन्या इंग्रजीत तर बाईसाठीचा ‘वीफ’ हा शब्द, ज्याचा पुढे ‘वाइफ’ झाला, तोच नपुंसकलिंगी होता.

आणि हुद्दे? २००७ साली प्रतिभाताई पाटील राष्ट्रपती झाल्या तेव्हा चर्चा सुरू झाली की ‘पती’ या शब्दाचं आता काय करायचं. शब्द तोच राहिला, क्रियापदाने जुळवून घेतलं: ‘राष्ट्रपती आल्या.’ पण प्रश्न पडला तो बाई त्या पदावर पोहोचल्यावरच. तोवर ‘राष्ट्रपती आले’ कोणाला खटकलं नव्हतं. माझ्या ‘पोहोचला’सारखंच.

जगाने काय काय करून बघितलं

हा प्रश्न प्रत्येक भाषेने आपापल्या परीने सोडवलाय, किंवा अजून सोडवतेय.

स्वीडनमध्ये ‘हान’ म्हणजे तो आणि ‘होन’ म्हणजे ती. १९६०च्या दशकात कोणीतरी सुचवलं की मधला एक शब्द घ्या, ‘हेन’. शेजारच्या फिनिश भाषेत ‘हॅन’ हे एकच सर्वनाम तो आणि ती दोघांना चालतंच, त्यामुळे कान तयार होता. बरीच वर्षं शब्द कोपऱ्यात पडून राहिला. २०१२ मध्ये मुलांच्या एका पुस्तकात आला आणि देशभर भांडण पेटलं. २०१५ मध्ये स्वीडिश अकादमीच्या शब्दसूचीत जाऊन बसला.

इंग्रजीत ‘दे’ एकवचनी वापरतात. हे नवं फॅड आहे असं अनेकांना वाटतं, पण हा वापर चौदाव्या शतकापासून सापडतो. २०१९ मध्ये मेरियम-वेबस्टरने ‘दे’ हाच वर्षाचा शब्द म्हणून निवडला. ‘एका माणसाला अनेकवचन कसं लावायचं?’ असं इंग्रज विचारतात तेव्हा मला हसू येतं. अहो, आम्ही रोज लावतो. ‘सर आले. ते चिडलेत.’ सर एकच असतात.

फ्रेंचमध्ये काम अवघड, कारण लिंग नामात, विशेषणात, सगळीकडे आहे. काही लोक शब्दाच्या मध्ये टिंब देऊन दोन्ही रूपं एकत्र लिहितात. २०१७ मध्ये फ्रेंच अकादमीने या लिखाणाला भाषेवरचं प्राणघातक संकट ठरवलं, आणि त्याच वर्षी पंतप्रधानांनी सरकारी कागदपत्रांत ते वापरू नका असं कळवलं. तरी २०२१ मध्ये ‘ले रोबेर’च्या ऑनलाइन शब्दकोशात ‘इएल’ हे नवं सर्वनाम आलंच. जर्मनमध्ये शब्दाच्या मध्ये चांदणी टाकतात, तर बव्हेरिया राज्याने २०२४ मध्ये शाळा आणि सरकारी कचेऱ्यांत त्या चांदणीवर बंदी घातली. ब्यूनोस आयरेस शहराने २०२२ मध्ये स्पॅनिशमधल्या अशाच रूपांवर शाळांमध्ये बंदी आणली. एका टिंबासाठी, एका चांदणीसाठी सरकारं मध्ये पडतात! म्हणजे हे नुसतं व्याकरण नक्कीच नाही.

आणि चीनची गोष्ट उलटी. चिनीत ‘ता’ म्हणजे तो, ती, ते, सगळंच. लिहायलाही एकच चिन्ह पुरायचं. मग साधारण १९२०च्या सुमारास, युरोपीय भाषांतली पुस्तकं अनुवादित करताना ‘शी’ला वेगळं काहीतरी हवं म्हणून लिऊ बान्नोंग या लेखकाने ‘ती’साठी वेगळं चिन्ह रुजवलं. उच्चार आजही एकच. आता तिथली तरुण मुलं ऑनलाइन लिहिताना रोमन लिपीत ‘टी-ए’ अशी दोन अक्षरं टाकतात, म्हणजे पुन्हा काही कळायला नको. शंभर वर्षांत गोल फिरून जागेवर.

एक सावधगिरी. लिंग नसलेली भाषा म्हणजे समानता असलेला समाज, असं समीकरण मांडू नका. फारसीत, तुर्कीत ‘तो’ आणि ‘ती’ एकच. त्यामुळे इराणमधल्या किंवा तुर्कस्तानातल्या बायकांचे प्रश्न सुटले असं झालेलं नाही. भाषा बदलल्याने सगळं बदलत नाही. पण भाषा बंद दारासारखी असेल, तर बाहेर कोणीतरी उभं राहतं. हे मी गेटवर बघितलंय.

मशीनला कोण शिकवणार?

आम्हा कोड लिहिणाऱ्यांची यात वेगळी अडचण होते. २००८ मध्ये फेसबुक वेगवेगळ्या भाषांत जात होतं. प्रोफाइलमध्ये लिंग न सांगण्याची सोय होती, पण भाषांतर झालं की वाक्यं चुकायला लागली. म्हणून त्यांनी लोकांना विचारायला सुरुवात केली की बाबांनो, निवडा. व्याकरणासाठी माणसाला चौकोनात बसवलं. २०१४ मध्ये मग त्यांनी आणखी पर्याय दिले.

गूगल ट्रान्सलेटचंही तेच. तुर्की ‘ओ’ म्हणजे तो किंवा ती. पण ‘ओ डॉक्टर आहे’ टाकलं की इंग्रजीत ‘ही’ यायचं आणि ‘ओ नर्स आहे’ टाकलं की ‘शी’. मशीनने आपल्याच लिखाणातून शिकलं होतं. डिसेंबर २०१८ मध्ये त्यांनी तुर्कीतून इंग्रजीत अशा वाक्यांची दोन्ही भाषांतरं दाखवायला सुरुवात केली. अँड्रॉइड १४ मध्ये तर अशी सोय आली की ॲप तुमच्याशी कोणत्या लिंगात बोलणार हे ठरवता येतं. चांगलं आहे. पण त्यासाठी कोणीतरी आधी प्रत्येक वाक्याची सगळी रूपं लिहायला हवीत ना!

‘जमवून बघ’

आता या एपिसोडचं खरं कारण.

माझ्या ऑफिसमध्ये एक सहकारी आहे. मराठी घर, मराठी शाळा. आणि स्वतःला बाई किंवा पुरुष यातल्या एकातही न मोजणारी व्यक्ती. ऑफिसमध्ये आमचं बोलणं इंग्रजीत चालायचं, तेव्हा काही अडायचं नाही, कारण इंग्रजीत ‘आय’ला लिंग नसतं. मग एकदा चहा पिताना आम्ही मराठीवर आलो आणि महिनाभराने माझ्या लक्षात आलं की या माणसाच्या तोंडून ‘मी आलो’ किंवा ‘मी आले’ मी कधी ऐकलंच नाही. ‘मी उशिरा आलो’ऐवजी ‘मला उशीर झाला’. ‘मी घाबरलो’ऐवजी ‘मला भीती वाटली’. ‘जेवलो’ऐवजी ‘जेवण झालं’. ‘मी लहान होतो तेव्हा’ऐवजी ‘माझ्या लहानपणी’. इतकं सफाईदार की कोणाला संशयही येऊ नये.

एपिसोडमध्ये हे सांगू का म्हणून विचारलं. परवानगी मिळाली. मग विचारलं, तुझ्याबद्दल बोलताना क्रियापद कुठलं लावू? उत्तर आलं, ‘जमवून बघ. मला रोज जमवावं लागतं.’

वरचा परिच्छेद लिहायला मला पाऊण तास लागला. खोटं नाही सांगत. ‘माणूस’ लिहिलं तर पुल्लिंग, ‘व्यक्ती’ लिहिलं तर स्त्रीलिंग. दोन्ही वापरून मोकळा झालो.

मी विचारलं, दमायला होत नाही? तर म्हणणं असं, की एरवी सवय आहे, पण भांडताना जमत नाही. आईशी फोनवर भांडण झालं की वाक्य तपासून बोलायला वेळ नसतो. मग एखादं क्रियापद निसटतं, आई नेमकं तेच पकडते, आणि मूळ भांडण बाजूलाच राहतं.

२०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नालसा निकालात तृतीयपंथी व्यक्तींना आपली ओळख स्वतः ठरवण्याचा हक्क मान्य केला. त्यानंतर फॉर्मवर तिसरा चौकोन दिसायला लागला. पण फॉर्म वर्षातून एक-दोनदा भरतो आपण. क्रियापद तर दर वाक्याला भरावं लागतं.

‘मग मराठीत नपुंसकलिंग आहे की, ते वापरा,’ असं मला एका मित्राने सुचवलं. कागदावर सोपं वाटतं. पण मराठीत मोठ्या माणसाला ‘ते आलं’ म्हणून बघा. एक तर लाडाचं वाटतं, ‘ते येडं आलं’सारखं, नाहीतर सरळ अपमान. आणि ‘ते आले’ म्हटलं की आदर, पण पुरुषाचा. त्यातून त्या लिंगाचं नावच ‘नपुंसक’! हे नाव कोण आनंदाने घेईल?

मराठीतल्या चोरवाटा

तरी मला एक गोष्ट सापडली आणि ती सापडल्यावर मी खरंच खूश झालो. आपली भाषा दिसते तितकी बंदिस्त नाही.

‘तू आलास, तू आलीस’ इथे लिंग आहे. पण ‘तुम्ही आलात’ म्हणा, गेलं! आदराने बोललं की लिंग गळून पडतं. ‘मी जातो, मी जाते’ इथे आहे, ‘मी जात नाही’ इथे नाही. ‘मी केलं’मध्ये नाही, कारण तिथे क्रियापद कर्माच्या मागे जातं. ‘मला हवं, मला वाटतं, मला आवडतं’ इथे नाही. मुलगे आणि मुली एकत्र असल्या की ‘मुलं आली’, बाया आणि पुरुष एकत्र असले की ‘माणसं जमली’. आणि सगळ्यात भारी, भविष्यकाळ. हिंदीत ‘आएगा, आएगी’ करावं लागतं. मराठीत ‘तो येईल, ती येईल, मी येईन’. आपल्या भविष्यकाळाला लिंग नाही.

मग मी ती जुनी एक्सेल शीट पुन्हा उघडली. ‘तुमचा एक्स्पर्ट पोहोचला आहे’च्या जागी नाव टाकलं आणि लिहिलं, ‘अमुक दारात आहेत.’ ‘आपण लॉगिन झाला आहात’च्या जागी ‘लॉगिन झालं’. एकही नवा शब्द, एकही टिंब-चांदणी नाही. वाक्यं उलट छोटी झाली. सगळं जमलं नाही. काही ठिकाणी तीन रूपं लिहावी लागली, आणि तशी लिहिली.

ज्याला गरज आहे त्याने एकट्याने रोज चोरवाटा शोधायच्या, हे मला बरोबर वाटत नाही. ॲप लिहिणाऱ्याने एक शनिवार जास्त द्यावा. ऐकणाऱ्याने निसटलेलं क्रियापद पकडून बसू नये. एवढं तर करता येईल.

जाता जाता आजीची आठवण. माझी आजी गडहिंग्लजजवळच्या गावातली. कोल्हापूरकडच्या अनेक बायका बोलतात तशी ती बोलायची, ‘मी आलो’, ‘मी जेवलो’. पलीकडे कन्नड मुलूख, आणि कन्नडमध्ये ‘मी’च्या क्रियापदाला लिंग नसतंच. पुण्यात आमच्याकडे आली की पोरं हसायची. मीही हसलो होतो. मग ती पुण्यात कमी बोलायला लागली. तिचं काही चुकत नव्हतं हे मला कळायला इंजिनिअर व्हावं लागलं आणि वर एक बग करावा लागला.

तर या आठवड्याचं होमवर्क. एक दिवस, फक्त एक दिवस, स्वतःबद्दल मराठीत असं बोला की तुम्ही बाई की पुरुष ते क्रियापदावरून कळणार नाही. कुठे अडलात ते व्हॉइस नोटमध्ये पाठवा, पुढच्या भागात ऐकवतो.

आजी निघताना म्हणायची, ‘येतो रं.’ माझा सहकारी डेस्कवरून उठताना म्हणतो, किंवा म्हणते, जे काय असेल ते: ‘येऊ का?’

चला मंडळी, येऊ का?